नाना मालिका बघत नाहीत

"हे सगळं हिचं खूळ," असं नाना टीव्हीकडे बोट दाखवून पाहुण्यांना सांगतात. दुसऱ्या हातात रिमोट असतो. तो आवाज कमी करण्यासाठी, असं त्यांचं म्हणणं. साडेआठ वाजले की ते वर्तमानपत्र उघडतात. सकाळीच ते शब्दकोड्यासकट वाचून संपवलेलं असतं, तरी उघडतात. मग मध्येच पानाआडून आवाज येतो, "अगं, तो तिचा सख्खा भाऊ नाही, मानलेला. सोमवारीच नाही का कळलं?"

२०१३ साली 'होणार सून मी ह्या घरची' सुरू झाली आणि घरोघरच्या बायकांना त्यातल्या जान्हवीचं मंगळसूत्र हवंसं झालं. 'हिला', म्हणजे काकूंनाही झालं. सराफाने पहिला नग पुढे ठेवला, तर काकूंच्या आधी नानाच बोलले, "छे हो, तिचं असं नाहीये." सराफ हसला. नाना तत्काळ घडणावळीवर घसरले.

बघावं तर 'रामायण', हे त्यांचं ठाम मत. १९८७ साली, रविवारी सकाळी साडेनऊला, आंघोळ उरकून, शेजाऱ्यांच्या टीव्हीला हार घालून. "दर्शनच ते!" २०२० च्या टाळेबंदीत तेच पुन्हा लागलं, तेव्हा मात्र दोन बाण हवेत एकमेकांना भिडेपर्यंत नानांना दम निघेना. "पुढे सरकव की जरा," म्हणाले. रोज रात्री एक कारस्थान आणि ब्रेकआधी एक धक्का, एवढ्यावर पोसलेला जीव तो. अर्थात हिच्यामुळे.

परवा मुलाने बँकेचा केवायसीचा फॉर्म सहीला आणला. नानांनी तो उजेडात धरला, उलटा केला, खाली दुसरा कागद डकवलेला नाही ना हे नखाने चाचपून पाहिलं.

"मोकळ्या रकान्यांवर मी सही करत नसतो."

"नाना, ते कार्यालयीन उपयोगासाठी आहेत."

"असंच सांगतात."

सून आयटीत. सकाळी आठला जाते, रात्री नऊला येते. घर बळकावायचं म्हटलं तरी बिचारीला रजा टाकावी लागेल. नेमकी तीच चहा घेऊन आत आली. नानांनी तिच्याकडे पाहिलं. एकदा समोरून, एकदा डावीकडून, एकदा चष्म्यावरून. पार्श्वसंगीत तेवढं राहिलं.

"चहात काय घातलंयस?"

"आलं."

नानांनी कप आधी मुलाच्या हातात दिला.