पंडितांच्या फेट्याखालचं बिंग

“वहिनी, कढीपत्ता तोडता तोडता ऐका. कोर्ला पंडित हे नाव कधी ऐकलंय?”

“कोर्लईचे का? रेवदंड्याच्या पलीकडचे?”

“छे हो! लॉस एंजेलिसचे. १९४९ साली तिथल्या केटीएलए टीव्हीवर यांचा पंधरा मिनिटांचा कार्यक्रम लागायचा. डोक्याला फेटा, फेट्यावर मधोमध टपोरा खडा. एक हात ऑर्गनवर, दुसरा पियानोवर आणि नजर थेट कॅमेऱ्यात रोखलेली. बायका म्हणे हातातलं काम टाकून बघत बसायच्या.”

“राग वगैरे वाजवायचे?”

“कसले राग! टँगो आणि तिकडचीच गाणी. सांगायचे मात्र की जन्म नवी दिल्लीचा, वडील ब्राह्मण आणि आई फ्रेंच. नऊशेच्या आसपास कार्यक्रम झाले म्हणतात, पण पडद्यावर तोंडातून चकार शब्द नाही.”

“पंडित, आणि डोक्याला महाराजांचा फेटा? कुणी विचारलं नाही?”

“विचारणार कोण? १९४६ च्या कायद्याने वर्षाला शंभर भारतीयांना अमेरिकेत वसायची परवानगी, तीही आदल्या वर्षापर्यंत नव्हती. खरा पंडित बघितलेला माणूस तिथे सापडणार कुठे! तर वहिनी, हे पंडित म्हणजे मिसुरी राज्यातल्या सेंट लुइसला १९२१ साली जन्मलेले जॉन रोलंड रेड. काळे. वडील बाप्टिस्ट चर्चचे पाद्री.”

“अगं बाई! म्हणजे शुद्ध फसवणूक.”

“फसवणूक म्हणा. पण तेव्हा लॉस एंजेलिसमध्ये काळ्या वादकांची संघटना वेगळी, गोऱ्यांची वेगळी, आणि चांगली कामं गोऱ्यांच्या वाट्याला. म्हणून हा आधी मेक्सिकन झाला, ह्वान रोलांडो नावाने. मग रेडिओवरच्या ‘चांदू द मॅजिशियन’ला ऑर्गन वाजवता वाजवता झाला हिंदुस्थानी. काळा म्हणून दारात उभा केला नसता, तोच माणूस फेटा बांधल्यावर दिवाणखान्यात! मी तर फसणाऱ्यांनाच हसेन.”

“बायकोला तरी ठाऊक होतं का?”

“तिला नसेल तर कुणाला! बेरिल तिचं नाव. गोरी, चित्रकार, डिस्नेकडे काम केलेली. सोंग सजवण्यात तिचाही हात होता. लग्न १९४४ सालचं, तेही सरहद्द ओलांडून मेक्सिकोत, टिहुआनाला. कॅलिफोर्नियात काळ्या-गोऱ्यांच्या लग्नाला बंदी होती ना, १९४८ मध्ये कोर्टाने ती उठवली.”

“मग टीव्हीवरून गेले कसे?”

“पैशांवरून फिसकटलं, दुसरं काय. स्नेडर नावाच्या निर्मात्यासाठी १९५१ मध्ये याच्या वादनाच्या फिल्मा काढल्या, पुढे करारावरून वाजलं. स्नेडरने त्याच्या जागी लिबराची नावाच्या पियानोवादकाला घेतलं. आता लिबराची म्हटलं की तिकडे माना डोलतात, आणि पंडित म्हटलं की तुम्ही कोर्लईला जाता! पुढे आपला इकडे-तिकडे कार्यक्रम करत राहिला. १९९४ च्या ‘एड वुड’ सिनेमात म्हातारपणी दिसतो, फेट्यासकट.”

“आणि बिंग फुटलं कधी?”

“तो १९९८ साली गेला. २००१ मध्ये तिथल्या एका मासिकाने सगळं छापलं. तोवर भावंडांना, नातेवाइकांना सगळं ठाऊक असून एकाने तोंड उघडलं नाही.”

“अख्ख्या खानदानाने? पन्नास वर्षं?”

“हो ना! आपल्या आळीत साखरपुड्याच्या आधी सासूच्या मागण्या तिसऱ्या घरी पोचतात.”

“त्या मागण्या मी नव्हत्या हं सांगितल्या.”

“मी तुमचं नाव कुठे घेतलं वहिनी?”