आधीचेच काका

कुठलाही शोध लागला की दुसऱ्या दिवशी सोसायटीच्या बाकावर 'हे आपल्याकडे आधीपासूनच होतं' असं जाहीर करणारे काका गावोगाव असतात. शोध लागायच्या आदल्या दिवशी मात्र ते कधी काही बोलत नाहीत. चष्मा कपाळावर चढवून ते सुरुवात करतात ती विमानापासून. राइट बंधू १७ डिसेंबर १९०३ ला पहिल्यांदा उडाले, तेही १२ सेकंद. काकांच्या मते शिवकर बापूजी तळपद्यांनी १८९५ मध्येच चौपाटीवर विमान उडवलं होतं. भरवशाचा पुरावा मागितला, की 'इंग्रजांनी दाबला' हे उत्तर तयार. बंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेतल्या अभ्यासकांनी १९७४ साली प्राचीन विमानविद्येचा म्हणून मिरवला जाणारा 'वैमानिक शास्त्र' हा ग्रंथ तपासला आणि निकाल दिला, की ग्रंथ विसाव्या शतकातला आहे आणि त्यातली विमानं उडण्याजोगी नाहीत. काका म्हणतात, निकाल इंग्रजीतच लिहिलाय ना!

कोणी म्हणेल, बाळगला जरा अभिमान तर बिघडलं कुठे? आणि ही खोड काय एकट्या आपली आहे? रशियात रेडिओचं श्रेय पोपोव्हना देतात, ब्राझीलमध्ये विमानाचं सान्तोस-द्युमोंना. कबूल, पण द्युमों १९०६ मध्ये पॅरिसच्या गर्दीदेखत उडाले होते. तक्रार अभिमानाबद्दल नाहीच. तक्रार ही, की पुराव्यानिशी हाती असलेल्या गोष्टींचं काकांना वावडं आहे. १७९४ च्या 'जेंटलमन्स मॅगझिन'मध्ये पुण्याकडची एक हकीकत छापून आली. इंग्रजी फौजेतला बैलवाला कावसजी टिपूच्या कैदेत सापडला आणि नाक गमावून बसला. पुढे इथल्या एका कारागीर वैद्यानं मेणाचा पातळ पत्रा नाकाच्या जागी बसवून माप घेतलं, तो कपाळावर पसरून भोवती रेघ मारली आणि तेवढी कातडी सोडवून, खाली वळवून नवं नाक बसवलं. ही पद्धत वाचूनच लंडनच्या जोसेफ कार्प्यूंनी १८१४ मध्ये तशी शस्त्रक्रिया केली. इथे इंग्रजांनी काही दाबलं नाही, उलट चित्रासकट छापलं. बहुधा म्हणूनच काकांना यात गोडी वाटत नसावी. दाबलेलं नसेल तर बाकावर बसून उघडकीला काय आणायचं?

मुंबईत जन्मलेल्या शंकर आबाजी भिसे यांनी छपाईचे खिळे ओतणारं यंत्र बनवलं, त्याची पेटंटं घेतली. दादाभाई नौरोजी त्यांच्या पाठीशी उभे राहिले, सर रतन टाटांनी पैसा घातला. १९३५ साली भिसे न्यूयॉर्कमध्ये वारले. काकांना त्यांचं नाव ठाऊक नाही.