जुन्या आवृत्तीचे गुन्हेगार

एडिटिंगचं सॉफ्टवेअर नीट चालतंय म्हणून ते न बदलण्याची घातक प्रवृत्ती समाजात बोकाळली आहे. या मंडळींचा वेळीच बंदोबस्त व्हायला हवा.

सर्वांत लांच्छनास्पद उदाहरण कोरियाचं. बाँग जून-हो यांचा 'पॅरासाइट' संकलक यांग जिनमो यांनी फायनल कट प्रो ७ वर कापला. ही आवृत्ती २००९ सालची. ॲपलने २०११ मध्ये तिचं श्राद्धही घातलं होतं. तरी २०२० साली सिनेमाला चार ऑस्कर मिळाले, शिवाय संकलनाचं नामांकन. परीक्षकांनी 'आवृत्ती कोणती?' एवढंही विचारलं नाही. अशाने अपडेटवर कुणाची श्रद्धा राहील?

ॲपलने लोकांना वळण लावून पाहिलं होतं. २०११ च्या जूनमध्ये आलेल्या फायनल कट प्रो टेनमध्ये आधीच्या आवृत्तीतले प्रोजेक्ट उघडतच नव्हते आणि अनेक कॅमेऱ्यांचं चित्रण एकत्र जुळवणारं मल्टिकॅमही गायब होतं. कालपर्यंत जमत होतं ते आज जमेनासं होणं, यालाच तर प्रगती म्हणतात! पण कृतघ्न एडिटरांनी त्याला 'आयमूव्ही प्रो' म्हणून हिणवलं. २०१२ च्या जानेवारीत मल्टिकॅम परतलं, तेव्हा कंपनीचे आभार मानायचं सोडून ते म्हणाले, "हे आमच्याकडे होतंच की!"

अडोबीने मग थेट कायदाच दाखवला. मे २०१९ मध्ये काही ग्राहकांना कळवलं, की भाड्याने मिळणाऱ्या क्रिएटिव्ह क्लाउड सॉफ्टवेअरच्या जुन्या आवृत्त्या वापरायचा परवाना आता तुम्हाला नाही. वापरत राहिलात तर त्रयस्थ लोक तुमच्यावर दावा ठोकू शकतात. भाडं वेळेवर भरणाऱ्या भाडेकरूला, जुन्या खोलीत झोपलास म्हणून घरमालकाने कोर्टाची भीती घालावी, तसा हा रोखठोक न्याय.

आपल्याकडे मात्र सगळा आनंद आहे. तालुक्याच्या गावातल्या लग्नाच्या स्टुडिओत नेटची वायर काढलेला पीसी बिनदिक्कत चालू असतो. अपडेटचं विचारलं तर मालक म्हणतो, "सीझन संपू दे, मग बघू." लग्नसराई संपते, तर मुंजी निघतात. मुंजी संपतात, तर नगरसेवकाचा वाढदिवस येतो.

या लोकांना तुरुंगात टाकायची गरज नाही. नवरीच्या बापाला सकाळी आठला पेनड्राइव्ह द्यायचा असेल, त्याच्या आदल्या रात्री त्यांच्या मशीनवर नवी आवृत्ती टाकावी. एवढी शिक्षा पुरे.