पळी, पंचपात्र आणि कॅमेरा

कल्याण-डोंबिवलीत उद्या एखाद्या गुरुजींनी लघुपट काढला, तर सोसायटीतला पहिला प्रश्न ठरलेला आहे : "मग आता पूजा सांगायला येणार की नाही?" दुसरा त्याहून बोचरा : "भिक्षुकीत भागत नाही का?" बँकेतल्या माणसाने गडकरी रंगायतनात नाटक केलं की आपण कौतुकाने जातो. गुरुजींनी कॅमेरा धरला की मात्र त्यांचं सोवळं मोडतं. हे मला मुळीच पटत नाही.

आपल्या भाषेने गुरुजींचं काम नेमकं ओळखलंय. पूजा यजमान करतो, गुरुजी पूजा सांगतात. सामानाची यादी आधी देतात. चौरंग कुठे, समई कुठे, कोणी कुठल्या बाजूला बसायचं, सगळं तेच ठरवतात. "पळीभर पाणी सोडा", "डोळ्यांना पाणी लावा" म्हणत, कधीच पूजा न केलेल्या जोडप्याकडून दोन तास सगळं करवून घेतात. वेळ पाळतात. फोटोत देव असतो, यजमान असतात; गुरुजी कडेला. दिग्दर्शक याहून वेगळं काय करतो?

फाळक्यांच्या घरात पौरोहित्य आणि सिनेमा दोन्ही होतेच. दादासाहेबांचे वडील दाजीशास्त्री त्र्यंबकेश्वरचे, संस्कृतचे विद्वान, पौरोहित्य करणारे. मुलाने पडद्यावर ख्रिस्ताचं चरित्र पाहिलं आणि त्याच्या डोळ्यांपुढे राम-कृष्ण उभे राहिले. १९१३ साली 'राजा हरिश्चंद्र' आला. १९१७ च्या 'लंकादहन'मध्ये राम आणि सीता दोन्ही भूमिका अण्णा साळुंक्यांनी केल्या, आणि पडद्यावर राम आला की प्रेक्षक पायातल्या वहाणा काढायचे. पुढे सिनेमा कंपनीतल्या कुरबुरींना कंटाळून दादासाहेब काशीला गेले. तिथे त्यांनी नाटक लिहिलं आणि पुन्हा सिनेमाकडेच परतले. काशी आणि कॅमेरा यांत त्यांना भांडण दिसलं नाही.

भांडण असतं ते वेगळ्या जागी. २०१५ साली सिरसाच्या गुरमीत राम रहीम या धर्मगुरूने 'एमएसजी' हा सिनेमा काढला. नायक स्वतः, तारणहारही स्वतः. २०१७ मध्ये न्यायालयाने त्याला बलात्काराबद्दल दोषी ठरवलं. ज्या गुरूला प्रत्येक चौकटीत स्वतःचाच चेहरा हवा असतो, त्याच्या हाती कॅमेरा देऊ नये. गुरुजींना माझी अट एवढीच : पूजेत कडेला बसता, तसेच सिनेमातही कडेला राहा.

वेळ कुठून काढायचा? श्रावणात, गणपतीत गुरुजींना श्वास घ्यायला फुरसत नसते, हे खरंच. पण पौषात लग्नं नाहीत, मुंजी नाहीत. पटकथा पौषात लिहावी.

अजून एक बोलायचंय, आणि ते गुरुजींच्या संघटनांना. 'दशक्रिया' या मराठी चित्रपटाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला होता. २०१७ च्या नोव्हेंबरात तो प्रदर्शित होताना, त्यात पुरोहितांची बदनामी आहे म्हणून बंदी मागितली गेली. बंदी कशाला? घाटावरची तुमची बाजू सांगणारा सिनेमा तुम्हीच काढा की. तुमच्याइतकं कोणी पाहिलंय? एकाच घरात तुम्ही बारशाला जाता आणि तेराव्यालाही. पाडायला निघालेल्या इमारतीतला शेवटचा गणपती तुम्ही बसवता, आणि त्याच कुटुंबाची विसाव्या मजल्यावरची वास्तुशांतही तुम्हीच करता. ठाण्यात आई-बाप चौरंगापुढे, मुलगा अमेरिकेतून फोनच्या पडद्यावर, आणि संकल्पात त्याचं नाव घेताना आईचा आवाज अडकतो. तिथे बाहेरचं माणूस एकच असतं. पोथी मांडीवर घेऊन बसलेले तुम्ही.