पाल्यास अर्थसाक्षर करण्याची शास्त्रोक्त पद्धत

पूर्वतयारी : दहा वर्षांवरील एक पाल्य, एक पालक (अर्थसाक्षर नसला तरी चालेल), कोपऱ्यावरचे एक वाणसामानाचे दुकान.

1. खाते उघडावे. दहा वर्षांवरील मुलांना आपले बचत खाते स्वतः चालवू देण्याची मुभा रिझर्व्ह बँकेने 2014 मध्ये बँकांना दिली. तिचा लाभ घ्यावा आणि पासबुक आपल्या कपाटात कुलूपबंद ठेवावे. वाढदिवसाची पाकिटे ‘तुझ्याच नावावर टाकतो’ असे म्हणून ताब्यात घ्यावीत. बुडीत कर्ज कसे असते, हे पाल्यास लवकरच कळते.

2. चक्रवाढ समजवावी. 72 ला व्याजदराने भागले की रक्कम दुप्पट व्हायला लागणारी वर्षे साधारण मिळतात. सहा टक्क्यांना बारा वर्षे. “म्हणजे तोवर चिक्की खायचीच नाही?” असे पाल्य विचारील. प्रश्न बिनतोड असल्याने त्यास गृहपाठाची आठवण करून द्यावी.

3. शेअर बाजार दाखवावा. मुंबईचे दलाल आधी वडाच्या झाडाखाली जमत, 1875 मध्ये त्यांची संस्था झाली, हे ऐटीत सांगावे. अज्ञान मुलाच्या डीमॅट खात्यावर फ्युचर्स-ऑप्शन्सचे व्यवहार करता येत नाहीत. सेबीच्या 2024 च्या अहवालानुसार तिथे उतरलेल्या वैयक्तिक गुंतवणूकदारांपैकी 93 टक्के तीन वर्षांत तोट्यात गेले. त्यामुळे ही बंदी वडिलांनाही लागू व्हावी, असे घरातून कोणी सुचवल्यास विषय बदलावा.

4. स्थानिक व्यवसायांवर व्याख्यान द्यावे. ‘गावातला पैसा गावात फिरला पाहिजे’ या वाक्यावर बेल वाजेल. दहा मिनिटांत आलेली कोथिंबीर मुकाट्याने आत घ्यावी. ॲपने लावलेला हाताळणी आकार निमूट भरावा. त्याची भरपाई संध्याकाळी भाजीवाल्या मावशींशी पाच रुपयांवरून हुज्जत घालून करावी. पाल्य शेजारीच उभे असते, याची खात्री बाळगावी.

5. उधारी चुकती करावी. महिनाभर बिनव्याजी माल देणारा वाणी हा घराचा सर्वांत जुना सावकार. वहीतली बेरीज पाल्याकडून तपासून घ्यावी, पैसे त्याच्याच हाताने द्यावेत आणि तेही एक तारखेलाच.

पहिल्या चार पायऱ्या गाळल्या तरी चालतील. पाचवी गाळू नये. मूल व्यवहार शिकते ते तिथेच.