बिनतारणी कर्ज हवंय?

ज्या होतकरू मंडळींना बँका तारण, जामीनदार आणि सिबिल विचारून दारातूनच परत पाठवतात, त्यांच्यासाठी या देशात एक उत्तम कर्जयोजना आहे. ती १ एप्रिल १९८९ पासून चालू आहे. एक एप्रिलच. तारीख ज्याने काढली त्याला पुढचं दिसत असावं. कोर्टाच्या आवारात तिला, कायद्यातल्या कलमाच्या आकड्यावरून, नुसतं 'एकशेअडतीस' म्हणतात.

अर्ज सोपा आहे. माल उचलायचा किंवा हातउसने पैसे घ्यायचे आणि चेक द्यायचा. तो वटणार नाही, एवढी काळजी घेतली की तुमचं काम संपलं.

पुढची धावपळ फिर्यादीची. चेक परत आल्याचं कळल्यापासून ३० दिवसांत त्याने नोटीस धाडायची, तुम्हाला पैसे द्यायला १५ दिवस द्यायचे, आणि तेही गेले की महिन्याभरात फिर्याद दाखल करायची. फिर्यादीला उशीर झाला तर विलंबमाफीचा अर्ज, त्यावर तुमच्या वकिलांची हरकत, मग सुनावणी. कायद्याचं घड्याळ फिर्यादीच्या मनगटावर बांधलेलं असतं. तुम्ही निवांत राहा. खटला सहा महिन्यांत संपवण्याचा प्रयत्न व्हावा, असं याच कायद्यात २००३ पासून लिहिलेलं आहे. प्रयत्न चालू आहेत.

नमुना म्हणून गुजरातचं एक प्रकरण बघा. जानेवारी २००५ मध्ये दोन चेक परत आले, एकूण रक्कम १ लाख ७० हजार. सोळा वर्षांनीही वाद चालूच होता. त्यातून निघालेला विलंबाचा प्रश्न सर्वोच्च न्यायालयात पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठापुढे गेला. तेव्हा कळलं, की २०१९ संपताना देशात २ कोटी ३१ लाख फौजदारी खटले तुंबले होते आणि त्यातले ३५ लाख १६ हजार आपल्या योजनेचे होते. एवढे लाभार्थी एखाद्या मंत्र्याने मिळवले असते तर चौकाचौकात फलक लागले असते.

आता समजा तुम्ही हरलात. कायद्यात दोन वर्षांपर्यंत कैद आणि चेकच्या दुपटीपर्यंत दंड आहे, पण घाबरू नका. पुष्कळदा 'कोर्ट उठेपर्यंत कैद' आणि भरपाईचा हुकूम, एवढ्यावर भागतं. बाकावर बसायचं, संध्याकाळी घरी जायचं. भरपाईवर वर्षाला नऊ टक्के सरळव्याज धरावं, असं सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये सुचवलं. बाजारातून महिना तीन टक्क्यांनी पैसे उचलणाऱ्याला ही दिवाळीची ऑफरच म्हणायची.

भरपाई लगेच द्यायची नसतेच. आधी मुदतीचा अर्ज. मग अपील. तिथे किमान २० टक्के भरण्याचा हुकूम होऊ शकतो, पण अपवादात्मक प्रकरणात सूट मिळते, आणि आपल्या अशिलाचं प्रकरण साधंसुधं आहे असं म्हणणारा वकील मी अजून पाहिलेला नाही. अपील संपलं की रिव्हिजन. तेही संपलं आणि पैसे आलेच नाहीत, तर वसुलीचा कागद कलेक्टर कचेरीत जातो, कारण ही रक्कम जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसूल करता येते. तिथून तहसील. तिथून कोणी दारात येईपर्यंत घर सौभाग्यवतींच्या नावावर आणि गाडी मेव्हण्याच्या नावावर झालेली असते. जप्तीला उरतो तो गंजका कूलर.

तडजोडीची सोयही आहे. उशिरा तडजोड करणाऱ्याने चेकच्या रकमेवर जादा खर्च भरावा, तोही सर्वोच्च न्यायालयापर्यंत ताणल्यास २० टक्के, असं २०१० मध्ये ठरलं होतं. पैसे जायचे विधी सेवा प्राधिकरणाकडे. वर्षानुवर्षं पिशवीत फाईल घेऊन कोर्टाचे जिने चढणाऱ्या फिर्यादीला त्यातला छदामही नाही. २०२५ मध्ये हा वरचा दर दहा टक्क्यांवर आला. इतकी घसघशीत कपात रिझर्व्ह बँकेलाही कधी एका बैठकीत जमलेली नाही.

एक खोट मात्र सांगून ठेवतो, नंतर फसवलं म्हणू नका. भरपाई न दिल्याबद्दल तुरुंगात जाऊन आलात तरी देणं फिटत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१७ मध्ये म्हटलं आहे.

बाकी चिंता नसावी. खटला चालू असतानाच २० टक्क्यांपर्यंत अंतरिम भरपाई द्यायला लावणारं कलम २०१८ मध्ये आलं. मुदत ६० दिवस, कारण दाखवलं तर आणखी ३०. ती न भरणाऱ्याचा उलटतपासाचा हक्कही काढता येत नाही, रक्कम दंडासारखी वसूल करा, एवढंच. त्या कलमात व्याजाची तरतूदही आहे. आरोपी निर्दोष सुटला तर फिर्यादीने घेतलेली रक्कम रिझर्व्ह बँकेच्या बँक रेटने व्याजासकट परत करायची. आरोपीने ती रक्कम दोन वर्षं उशिरा भरली तर त्याला किती व्याज, याबद्दल त्या कलमात एक अक्षर नाही.