अठरा रुपयांचं घर

प्रति,
मा. गृहकर्ज अधिकारी,
टेबल क्रमांक चार, वर्धा.
(बँकेचं नाव लिहीत नाही. पाटी बदलली तरी मजकूर बदलायची गरज पडणार नाही.)



परवा मंगळवारी मी दोन लाखांचा चेक कर्जखात्यात भरायला तुमच्याकडे आलो आणि तुम्ही मला पाच लाखांचं नवं कर्ज देऊन परत पाठवायला निघालात. एवढं दातृत्व आमच्या गावानं जमनालालजी बजाजांनंतर पाहिलेलं नाही. आभार मानायलाच हवेत, म्हणून हे पत्र.

तुम्हाला प्रसंग आठवत नसेल. माझी पंधरा वर्षांची विम्याची पॉलिसी पिकली होती. बायको म्हणाली, सोनं नको, गाडी नको, आधी त्या घराच्या उरावरचं ओझं थोडं कमी करा. मी शाळेतून अर्धी रजा टाकून आलो. तुम्ही स्क्रीनकडे बघत म्हणालात, "सर, तुमचा रेकॉर्ड एकदम क्लीन आहे. पन्नास हप्ते, एक बाउन्स नाही. तुम्हाला पाच लाखांचा टॉप-अप प्री-अप्रूव्ड आहे. हे दोन लाख कशाला अडकवता?" पन्नास हप्ते वेळेवर भरल्याचं बक्षीस म्हणजे आणखी हप्ते. वर्गात गृहपाठ पूर्ण करणाऱ्या पोरालाच मी उद्यापासून दुप्पट गृहपाठ द्यायचा विचार करतो आहे.

मी आधी खातेउतारा मागितला. तुम्ही म्हणालात, ॲपवर मिळेल. ॲप म्हणालं, शाखेशी संपर्क साधा. शेवटी तुम्ही वैतागून प्रिंटरचं बटण दाबलंत. तिथेच तुमची चूक झाली. मी गणिताचा मास्तर आहे.

हिशेब असा आहे. ऑक्टोबर २०२१ मध्ये पिपरी मेघेच्या घरासाठी मी २५ लाख घेतले. रिझर्व्ह बँकेचा रेपो दर तेव्हा ४ टक्के होता, त्यावर तुमचे ३, म्हणजे ७ टक्के. २४० हप्ते, प्रत्येकी १९,३८२ रुपये. पहिल्याच महिन्यात २५ लाखांवर ७ टक्क्यांनी व्याज झालं १४,५८३. हप्त्यातून ते वजा जाता मुद्दलात पडले ४,७९९. इथवर माझी तक्रार नाही. ज्याचं देणं मोठं, त्याचं व्याज मोठं, हे मीच फळ्यावर लिहितो. सगळं सुरळीत पार पडलं असतं तर २५ लाखांच्या घराचे मी साडेशेहेचाळीस लाख मोजले असते, आणि तेही मी सही करताना कुठे गुणून पाहिलं होतं? माझ्या हातात पेन होतं आणि समोर इंग्रजी कागदांची चळत. 'इथे, इथे आणि इथे' म्हणणारा तुमचा आधीचा माणूस घाईत होता. गुणाकार मला येत होता, सुचला मात्र नाही. वर्गात मुलांना मी यावरून कान धरून उभं करतो.

मग मे २०२२ आला. रिझर्व्ह बँकेनं रेपो वाढवायला सुरुवात केली आणि फेब्रुवारी २०२३ पर्यंत तो ४ वरून साडेसहावर नेला. माझा दर झाला साडेनऊ. हप्ता तोच राहिला, १९,३८२. मी खूश होतो. शिक्षकांच्या खोलीत सांगतही होतो की आमच्या बँकेनं हप्ता वाढवला नाही, माणसं चांगली आहेत.

साहेब, तुम्ही दिलेल्या उताऱ्यात एप्रिल २०२३ ची ओळ बघा. हप्ता १९,३८२. व्याज १९,३६४. मुद्दल १८.

अठरा. मी चष्मा काढला, पुसला, परत घातला. पुढे हजारचा आकडा छापायचा राहिला असेल असं वाटलं. मे महिना, १८. जून, १८. डिसेंबरपर्यंत तेच, वर फार तर एखादा रुपया. अठरा रुपयांत बजाज चौकात तर्री-पोह्याची प्लेट येत नाही. विटेचा भाव आठ-नऊ रुपये धरला तर महिन्याला दोन विटा येतात. नऊ महिन्यांत मी तुम्हाला १ लाख ७४ हजार रुपये दिले आणि माझ्या मालकीचा झाला १७० रुपयांचा ऐवज. म्हणजे वीसेक विटा!

त्या गतीनं कर्ज कधी फिटलं असतं, ते मी तुमच्यासमोरच्या खुर्चीत बसून काढलं. साधारण ८८० महिने. त्र्याहत्तर वर्षं. शेवटचा हप्ता मी २०९६ साली भरला असता, वयाच्या एकशे नवव्या वर्षी. तुम्ही म्हणालात, "सर, आम्ही एसएमएस पाठवला होता." हो, पाठवला होता. लॉटरी लागल्याच्या आणि वीज तोडण्याच्या खोट्या संदेशांच्या मधोमध, इंग्रजीत, आपली मुदत सुधारित करण्यात आली आहे, असा. 'सुधारित'! माणसाच्या आयुष्यापेक्षा लांब कर्जाला सुधारणा म्हणायचं धाडस तुमच्या संगणकालाच होऊ शकतं.

आणि यात नियम कुठे मोडला, हेही मीच सांगून टाकतो, तुमचा त्रास वाचेल. कुठेच नाही. हप्त्यात व्याजसुद्धा भागत नाही आणि मुद्दल उलटं फुगतं, असं होऊ द्यायचं नाही, असं रिझर्व्ह बँकेनं १८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकात बजावलं. माझं मुद्दल कुठे फुगत होतं? अठरा रुपयांनी रोडावत होतं की! त्याच परिपत्रकात असंही होतं की दर बदलला की ग्राहकाला विचारा, हप्ता वाढवू की मुदत, की स्थिर दर हवा. आणि दर तिमाहीला त्याला कळेल असा हिशेब द्या. ३१ डिसेंबरपर्यंत हे लागू करायचं होतं. तुम्ही ते अगदी चोख केलंत. मला न विचारता मुदत वाढवली होती, ती जानेवारी २०२४ पासून न विचारता माझ्या निवृत्तीपर्यंत, अठ्ठावन्नाव्या वर्षापर्यंत, कापलीत आणि हप्ता २२,१७२ केलात. विचारायचा जो पर्याय होता, तो तुम्हीच तुम्हाला विचारलात. त्या दिवशीच्या दरानं पूर्ण हिशेब मांडला तर २५ लाखांचे ६३ लाख होत होते.

या आकड्यावर आमच्या वडिलांचं बोलणं ऐका. ते देवळीजवळच्या गावात असतात, उभा जन्म कपाशीत गेला. मी विचारलं, "बाबा, तुमच्या वेळी सावकार काय घ्यायचा?" म्हणाले, "शेकडा तीन, महिन्याले. लुटलंच त्यानं, खोटं कायले बोलू. पण लेका, सांगून लुटलं. हे तुहे बँकवाले तर सांगतही नाही."

मग ते म्हणाले, "अन् दामदुपट हाय ना!" जुन्या माणसाला हा शब्द पाठ असतो. मुद्दलाइतकं व्याज झालं की थांबायचं, त्यावर एका वेळी वसुली करायची नाही. मनुस्मृतीत ही मर्यादा आहे. इंग्रजांच्या काळात मुंबई इलाख्यातली न्यायालयं ती पाळत. मी एका वकील मित्राला विचारलं. तो दोन गोष्टी बोलला. पहिली, बँकेनं लावलेला दर फार जास्त आहे एवढ्या कारणावरून कोर्टानं हिशेब उकरू नये, अशी सोय बँकिंग नियमन कायद्याच्या कलम २१अ मध्ये करून ठेवली आहे. दुसरी त्यानं हसत सांगितली. दामदुपट असतं थकलेल्या व्याजाला. तू तर दरमहा भरतोस, तुझं थकतंच कुठे? म्हणजे कर्ज बुडवणाऱ्याला शास्त्राचा आधार आणि वेळेवर भरणाऱ्याला एसएमएस. मनूनं सगळ्यांचा विचार केला, क्लीन रेकॉर्डवाल्यांचा राहून गेला.

बाकी किरकोळ गोष्टी आहेत, त्या ओळीत उरकतो. कर्जासोबत न मागता चिकटवलेला विमा, ज्याचा हप्तासुद्धा कर्जातच मिसळून त्यावरही व्याज लावलंत. तुमच्या वकिलाच्या शोध-अहवालाचे पैसे, जे मी भरले आणि ज्याची प्रत मला मिळाली नाही. आणि तो तुमचा लाडका दिलासा, "सर, व्याजावर इन्कमटॅक्स वाचतो ना!" नव्या करप्रणालीत स्वतःच्या राहत्या घराच्या व्याजाला वजावट नाही. आणि जुनीत असतो तरी शंभर रुपये व्याज देऊन वीस-तीस रुपये कर वाचवणं हा नफा आहे, असं माझ्या आठवीतल्या एकाही मुलानं उत्तरपत्रिकेत लिहिलेलं नाही.

वर्ध्यात राहून घराविषयी लिहायचं आणि गांधीजींच्या बापूकुटीत डोकावायचं नाही, हे आमच्यात अशुभ मानतात. दरवर्षी मी मुलांना सेवाग्रामला नेतो. माती, बांबू, कवेलू. इव्हान इलिच नावाचा विचारवंत १९७८ साली तिथे येऊन, माणसाचं घर आणि सामान ठेवायची पेटी यांत फरक असतो, अशा अर्थाचं बोलला होता. यंदा एका मुलीनं विचारलं, "सर, याचा ईएमआय किती होता?" सगळे हसले. मीही हसलो, पण मला जरा उशीर लागला.

तर तुमच्या टेबलाकडे परत येतो. पन्नास हप्त्यांत मी तुम्हाला दिले सुमारे १० लाख ३६ हजार. त्यातलं व्याज ८ लाख ९४ हजार. मुद्दल फिटलं १ लाख ४२ हजार. हे बघून माझा आवाज चढला. आजूबाजूची माणसं वळून बघायला लागली, पेन्शनवाल्या एका आजींनी पासबुक छातीशी धरलं. मी तुम्हाला विचारलं, "तुमचं स्वतःचं घर आहे?" तुम्ही हो म्हणालात. "तुमच्या कर्जाला काय लागतं?"

तुम्ही उत्तर टाळलं असतं तर बरं झालं असतं. तुम्ही हळू आवाजात म्हणालात, "स्टाफला वेगळं असतं सर. साधं व्याज. आधी मुद्दल फिटतं, व्याज मागाहून."

आधी मुद्दल! म्हणजे पहिल्या हप्त्याच्या पहिल्या रुपयापासून तुमची वीट तुमची होते, ज्यावर व्याज मोजायचं तो आकडाच दरमहा खाली येतो. आमच्या सातवीच्या पुस्तकात सरळव्याज आहे, तुमचं कर्ज तेवढं सोपं. म्हणजे माणसाला न पिळता कर्ज कसं द्यायचं, हे तुमच्या बँकेला येतं. व्यवस्थित येतं. आपल्या माणसांसाठी ते ती रोज करते. मग मला अठरा रुपये का? मी काय पाप केलं होतं, फक्त काउंटरच्या या बाजूला बसलो एवढंच ना? हा प्रश्न मी तुम्हाला तेव्हा ओरडूनच विचारला. इथेही तसाच ओरडून विचारतो आहे, लिहिताना ऐकू येत नाही एवढंच.

तेवढ्यात तुमचा फोन वाजला. स्पीकरवर होता, तुम्हाला बंद करायला वेळ मिळाला नाही. रीजनल ऑफिसमधून कुणीतरी विचारत होतं, आज टॉप-अप किती झाले? तुम्ही म्हणालात, "प्रयत्न चालू आहे, सर." पलीकडून जे ऐकवलं गेलं ते मी इथे लिहीत नाही, माझ्या वर्गातल्या सर्वांत टारगट पोराशीही मी तसं बोलत नाही. साडेतीन वाजले होते आणि तुमचा डबा खुर्चीमागे तसाच बांधलेला होता. फोन ठेवल्यावर तुम्ही सहज बोलावं तसं बोललात, की तुमचा फ्लॅट सांगलीत आहे, बदलीमुळे कुलूप लावून ठेवलाय, आणि तुम्ही इथे नालवाडीत एका खोलीत भाड्यानं राहता. साध्या व्याजाचं घर, पण झोपायला भाड्याची खोली. माझा राग त्या ठिकाणी पाय घसरल्यासारखा झाला. अजून तो नीट उभा राहिलेला नाही, याचा मला राग आहे.

मग तुम्ही इकडेतिकडे पाहिलंत, कॅल्क्युलेटर माझ्याकडे वळवलात आणि पेन्सिलीनं माझ्याच उताऱ्याच्या पाठीमागे लिहिलंत. रेपो आता सव्वापाचवर आलाय, म्हणजे तुमचा दर सव्वाआठ. या हप्त्यानं १९२ महिने उरतात. दोन लाख आज भरले तर तीस हप्ते गळतात, म्हणजे साडेसहा लाखांच्या वर. दंड नाही, बदलत्या दराच्या गृहकर्जाला तो २०१२ पासूनच बंद आहे. आणि मग अगदी खालच्या आवाजात, "फक्त फॉर्मवर 'मुदत कमी' लिहा, सर. काहीच लिहिलं नाही तर सिस्टीम हप्ता कमी करते." हप्ता कमी केला की महिन्याला १,८८० वाचल्याचा आनंद आणि सोळा वर्षं जशीच्या तशी. चार वर्षांत या इमारतीत मला कुणी सांगितलेली ही पहिली उपयोगाची गोष्ट, आणि ती सांगताना तुमची नजर दरवाजाकडे होती.

टॉप-अपचा फॉर्म मी सोबत परत पाठवतो आहे, कोरा. चेक तुम्ही ठेवून घेतलात, त्याची पोच मिळाली. भरण्याच्या फॉर्मवर 'मुदत कमी' या चौकटीत मी लाल शाईनं खूण केली आहे, शेजारी मराठीत लिहिलंही आहे, आणि त्याचा फोटो काढून ठेवला आहे. ती खूण तुमच्या संगणकापर्यंत पोचली की नाही, तेवढं कळवा. एसएमएस नको. शाळेच्या पत्त्यावर कार्ड टाकलंत तरी चालेल.

आपला,
खातेदार
(पन्नास हप्ते, एक बाउन्स नाही)